दाराच्या डाव्या हाताला

बुधवारी दुपारी स्वतःच्याच घरात शिरताना तुल्लिओ स्बार्देल्लाचा हात चुकला. झालं ते एवढंच. तो बाजारातून परत आला होता, काखेत आर्टिचोकची जुडी होती, आणि मे संपत आल्यामुळे ही या वर्षीची शेवटचीच असं सांगून भाजीवालीने ती जरा जास्तच गळ्यात मारली होती. ऊन आत येऊ नये म्हणून खिडक्यांच्या लाकडी झडपा त्याने सकाळीच ओढून घेतल्या होत्या, त्यामुळे दार उघडल्यावर घराच्या आतल्या बोळात काळोख होता. त्याने पाऊल आत टाकलं आणि डावा हात आपणहून भिंतीकडे गेला. डावीकडे, दाराच्या चौकटीला लागून, आणि खाली, पार कमरेच्या खाली. तिथे बोटं थांबली, अंगठा आणि पहिली दोन बोटं जवळ आली, आणि काहीतरी चिमटीत धरून फिरवावं तशी फिरली. चिमटीत काहीच आलं नाही. नुसती भिंत होती. या घरातलं दिव्याचं बटण उजवीकडे आहे, खांद्याच्या उंचीवर आहे, आणि ते फिरवायचं नाही, दाबायचं आहे. कित्येक वर्षं ते तिथेच आहे आणि तुल्लिओ ते झोपेतसुद्धा दाबेल. तरीही बटण सापडलं नाही याचं त्याला आश्चर्य वाटलं, मग राग आला, आणि मग एक क्षण असा आला की हे घर कुणाचं हेच त्याला कळेना. काखेतली जुडी सुटली. एक आर्टिचोक गडगडत पार स्वयंपाकघराच्या दारापर्यंत गेला, आणि त्या आवाजाने तो भानावर आला.

भानावर आला म्हणजे काय, तर तसाच उभा राहिला. हात अजून भिंतीवरच होता, आणि हाताने आपलं नेहमीचं काम सुरू केलं होतं: चुन्याचा गिलावा, वर तेलरंगाचे दोन हात, त्याखाली जुना थर, त्याच्या बायकोने, डेलियाने, लग्नानंतर निवडलेला फिकट हिरवा. आयुष्यभर त्याने भिंतीच तर केल्या. सिनेमातल्या. तरुणपणी तो स्टुडिओत लागला तेव्हा तलवारी आणि रथांचे सिनेमे निघत, आणि त्याचं काम होतं प्लायवुडला संगमरवर करण्याचं. पिसाच्या टोकाने शिरा ओढायच्या, ओल्या स्पंजने पुसायच्या, की झालं देऊळ. पुढे तो कलादिग्दर्शक झाला, घरं करू लागला, आणि घरं करण्यात त्याचा हात धरणारा मग फारसा कुणी उरला नाही. कॉफीच्या चोथ्याने वॉलपेपर जुना करायचा, शेगडीच्या वरच्या भिंतीला काजळी धरवायची, उंबऱ्याची मधली जागा झिजवायची. डेलिया त्या घरांत सामान लावायची. कपाटाचे जे खण कॅमेऱ्यासमोर कधीच उघडायचे नव्हते तेही ती भरायची, इस्त्री केलेले रुमाल, सुटी बटणं, औषधाची अर्धी बाटली. कुणी विचारलं तर म्हणायची, नटाला माहीत असतं आत काय आहे ते, रिकाम्या कपाटाशेजारी माणूस रिकामा उभा राहतो. तिच्या नि त्याच्या कामाला मिळालेला एक जड पितळी पुतळा होता, तो ती वाऱ्याने दार आपटू नये म्हणून दाराशी ठेवायची. तो अजून तिथेच होता. डेलिया जाऊन बरीच वर्षं झाली होती, आणि ती गेल्यापासून तुल्लिओने एकही सिनेमा केला नव्हता.

आईचंही असंच सुरू झालं होतं. भीती वाटली ती या गोष्टीची. शेवटच्या वर्षांत आई तेस्ताच्चो वस्तीत एर्सिलियाकडे, म्हणजे त्याच्या मोठ्या बहिणीकडे राहायची, आणि दिवसभर त्या घरातून भिंती चाचपडत हिंडायची. डोळ्यांना दिसत होतं तिला, तरी चाचपडायची. काय शोधतेस म्हटलं तर हसायची. डॉक्टर म्हणाले, वय झालं, आता डोकं असंच जायचं. तुल्लिओने तेव्हा मान डोलावली होती आणि मनातल्या मनात म्हटलं होतं, मला असं काही व्हायच्या आत उचल रे बाबा. आता त्याचंही वय आईच्या तेव्हाच्या वयाजवळ येऊन ठेपलं होतं. त्याने वाकून आर्टिचोक गोळा केले, उजव्या हाताने बटण दाबलं, दिवा लागला. दिवा लागल्यावर जणू काहीच झालेलं नव्हतं.

पण नेमकी याच आठवड्यात अशी चूक व्हावी याला काय म्हणायचं? कोस्तांझा नावाची एक तरुण दिग्दर्शिका महिनाभर त्याच्या मागे लागली होती. तिच्या सिनेमात एक घर होतं, त्यातली माणसं एकेक करून घर सोडून जातात, आणि शेवटी नुसतं घर राहतं. निर्मात्याचं म्हणणं होतं की भिंती संगणकावर करा, हल्ली सगळे करतात. कोस्तांझा त्याच्या स्वयंपाकघरात बसून, त्याची कडू कॉफी न कुरकुरता पिऊन म्हणाली होती, "मला खरी भिंत हवी आहे, मास्तर. नटाने टेकला तर हात टेकेल अशी. ती तुमच्याशिवाय आता कोण करून देणार?" गुरुवारी संध्याकाळपर्यंत त्याने हो किंवा नाही सांगायचं होतं, कारण त्यानंतर निर्माता थांबणार नव्हता. बुधवारी सकाळपर्यंत तुल्लिओच्या मनात हो होतं. आर्टिचोक निवडत असतानासुद्धा तो त्या घराच्या जिन्याचा विचार करत होता, बऱ्याच वर्षांनी त्याच्या पोटात तो जुना गुदगुल्यांसारखा आनंद होत होता. आता तो खुर्चीत बसला आणि स्वतःला विचारू लागला, की ज्याला आपल्या घरातलं बटण सापडत नाही तो दुसऱ्याचं घर काय बांधणार? पोरीचे हाल करशील म्हाताऱ्या, असं त्याने स्वतःलाच सुनावलं.

एक वाट होती. हात चुकला खरा, पण कशाकडे तरी बघून चुकला असेल. हाताने कुठल्यातरी दुसऱ्या घराचं बटण शोधलं असेल, तर ते घर कुठलं हे कळलं की संपलं. मग ती नुसती सवय, रोग नव्हे. स्टुडिओतल्या माणसांना हे होतं. तीन-तीन महिने एकाच खोट्या घरात दिवस काढल्यावर रात्री आपल्या घरी जिना नसलेल्या जागी पाय उचलला जातो. डेलिया एकदा खऱ्या घरातल्या भिंतीला मागून टेकू दिलाय की नाही ते बघायला गेली होती. म्हणून त्याने डोळे मिटले आणि आपल्या घरांतून एकेक करून फिरू लागला. फेर्रारातलं ते धुक्यातलं घर, जिथे पडदे जड हवेत म्हणून त्याने त्यांच्या कडांत शिसं शिवायला लावलं होतं. नेपल्सचं तळघर, ज्याच्या ओलीला खरा वास यावा म्हणून मागे रोज ओली पोती टाकली जात, आणि त्या वासाने खरोखरच एका नटीला रडू आलं होतं. नोटरीचं घर. विधवेचं हॉटेल. जहाजातली केबिन, जी हलवायला चार माणसं बाहेरून दांडे धरून उभी असत आणि जेवणाच्या सुट्टीनंतर हमखास पेंगत. प्रत्येक घरात तो दारातून शिरला आणि डावा हात पुढे केला, आणि प्रत्येक घरात बटण होतं तिथेच. डावीकडे. खाली. त्याला आधी बरं वाटलं आणि मग अंगावर काटा आला. मन असं करतं म्हणे. एकदा बिघडलं की सगळ्या जुन्या आठवणींना तोच एक रंग फासत सुटतं.

चार वाजता तो उठला आणि ओरेस्तेकडे गेला. ओरेस्ते पाल्मुच्ची हा त्याचा सुतार, म्हणजे सुतारांचा मुकादम, त्याच्या बहुतेक सगळ्या सिनेमांत भिंती उभ्या करणारा आणि नंतर पाडणारा. पाडताना बघायला तुल्लिओ कधी थांबला नाही, शेवटच्या दिवशी तो डेलियाला घेऊन समुद्रावर जाई. ओरेस्ते आता शहराच्या टोकाला क्वाद्रारोत एका बसक्या घरात राहत होता, ज्याच्या संडासाला जुन्या सेटवरच्या एका कार्डिनलच्या महालाचं दार होतं आणि कोंबड्यांच्या खुराड्याला हॉटेलची फिरती काच. गुडघे गेल्यामुळे तो हल्ली खुर्चीत बसूनच टोमॅटोला पाणी घालायचा. तुल्लिओला बघून त्याने पाण्याची नळी खाली टाकली.

"आर्किटेक्टसाहेब," तो म्हणाला. स्टुडिओत भिंती कुठे घालायच्या हे सांगणाऱ्याला आर्किटेक्टच म्हणतात, परीक्षा कुणी विचारत नाही. "मला वाटलं तुम्ही मेलात आणि मला कुणी कळवलंच नाही."

"मेलो असतो तर तुलाच पेटी करायला बोलावलं असतं."

"करीन की. आतून मखमल, बाहेरून प्लायवुड."

दोघं हसले. मग तुल्लिओने, जसं काही सहज आठवलं म्हणून, विचारलं, "अरे, आपण कुठल्या सेटवर दिव्याचं बटण दाराच्या डावीकडे लावलं होतं? असं खाली, कमरेच्या खाली?"

"थट्टा करताय का गरिबाची?"

"थट्टा नाही. नीट आठव."

"त्यात आठवायचं काय, साहेब? सगळ्या. नोटरीच्या घरात, फेर्रारात, त्या बाईच्या हॉटेलात. जहाजावर तर मी तुमच्याशी भांडलो होतो, म्हटलं कप्तान काय गुडघ्यांवर बसून दिवा लावणार? तुम्ही म्हणालात, लाव तू. लावलं." तो आता रंगात आला होता. "आणि तो उंच नट, नाव विसरलो, वाकून वाकून त्याची कंबर धरली. ओरडला, या घरात काय बुटके राहतात? दिग्दर्शक तुमच्याकडे बघतोय. तुम्ही आपले शांत. म्हणालात, बटण तिथेच असतं."

हे तुल्लिओला आठवत होतं. त्या वाकण्यावर एका टीकाकाराने पुढे मोठा लेख लिहिला होता, की मध्यमवर्ग स्वतःच्या घरातही ताठ उभा राहू शकत नाही हे या कलावंताने एका बटणातून दाखवलं. तुल्लिओने तो लेख वाचला, त्याला तो पटला, आणि मुलाखतींत तो तेच गंभीर तोंडाने सांगू लागला. पण ते एका सिनेमापुरतं होतं असं तो धरून चालला होता. प्रत्येक सिनेमाच्या वेळी त्याला वाटे की हे आत्ता, याच घरासाठी सुचलं. इतकी वर्षं त्याला एकच गोष्ट पुन्हा पुन्हा सुचत होती आणि दर वेळी तो स्वतःवर खूश होत होता, हे ऐकून त्याला हसावं की रडावं कळेना.

"आणि वरचा चांदोबा," ओरेस्ते म्हणाला.

"कसला चांदोबा?"

"बघा. हेही विसरलात. बटणाच्या वर, इथे, खांद्याशी, बशीएवढा गोल डाग. भिंतीपेक्षा जरा पांढरा. जिल्दा रंगारीण वैतागायची. तुम्ही सांगायचात, इथे पूर्वी तसबीर होती, ती काढली, त्याचा डाग. ती म्हणायची, गोल तसबीर कुणाच्या बापाने लावली होती? पण काढायची. छान काढायची. आम्ही त्याला चांदोबा म्हणायचो. चांदोबा उगवला की सेट तयार, मग आम्ही बाटली उघडायचो."

टोमॅटोच्या रोपांना पाणी जास्त झालं होतं आणि ते वाहत तुल्लिओच्या बुटापर्यंत येत होतं. त्याने विचारलं, "मग एवढी वर्षं तू मला विचारलं का नाहीस, हे काय म्हणून?"

"विचारायचं काय? माणसाचं काहीतरी असतं. माझे वडील चर्चमध्ये शिरताना खिशातली चावी चाचपायचे, मी नाही विचारलं. तुमचं बटण होतं. त्याने कुणाचं काही बिघडत नव्हतं." ओरेस्तेने नळी उचलली, पुन्हा ठेवली. "भिंती पाडताना तेवढा तुकडा मी शेवटी पाडायचो. पोरं म्हणायची, मुकादम, राहिला की हा. मी म्हणायचो, राहू दे जरा. मग जेवण झाल्यावर मी एकटा जाऊन पाडायचो."

परतीच्या मेट्रोत तुल्लिओला ओरेस्तेबद्दल इतकी माया वाटली, आणि ती चेहऱ्यावर अशी दिसली, की समोरच्या बाईने त्याला बसायला जागा हवी का म्हणून विचारलं. एका माणसाने दुसऱ्या माणसाचं एक निरर्थक खूळ एवढी वर्षं न विचारता बांधून द्यावं, आणि पाडताना त्याला थोडा वेळ द्यावा, हे काय कमी आहे? पण मायेच्या खाली भीती होतीच, उलट वाढलीच होती. आता प्रश्न एका बुधवारचा राहिला नव्हता. जर सगळी घरं त्याने केली आणि सगळ्यांत एक गोष्ट त्याला नकळत आली, तर ती कुणी केली? तो स्वतः कुठे होता तेव्हा? मुलाखतींत तो एक वाक्य नेहमी म्हणायचा, ते लोकांना फार आवडायचं: मला लहानपणाचं घर आठवत नाही, म्हणून मी घरं बांधतो. ते खरं होतं. युद्धात, त्रेचाळीसच्या जुलैत, त्यांचं घर होतं त्या सान लोरेन्झो वस्तीवर बॉम्ब पडले तेव्हा तो चार वर्षांचा होता. आईने त्याला आणि एर्सिलियाला सकाळीच मावशीकडे तेस्ताच्चोत नेलं होतं. वडील रेल्वेच्या यार्डात कामावर होते. ना वडील उरले, ना घर. त्या दिवसाबद्दल त्यांच्यात कुणी बोलत नसे. आई बोलत नसे म्हणून एर्सिलिया बोलत नसे, आणि एर्सिलिया बोलत नसे म्हणून तुल्लिओ विचारत नसे, आणि अशाने काळ गेला. तू लहान होतास, तुला काय आठवणार, एवढं एक वाक्य एर्सिलिया म्हणायची, आणि त्याने ते खरं मानून टाकलं होतं. वडिलांचा एक फोटो होता, टोपी घातलेला, डोळे किलकिले केलेले. त्या फोटोकडे बघून तुल्लिओला कधी काही वाटलं नाही, आणि आपल्याला काही वाटत नाही याची त्याला आयुष्यभर थोडी लाज वाटत आली होती. या माणसाकडून मला काहीच मिळालं नाही, नाकसुद्धा आईचं, असं तो डेलियाला म्हणायचा.

गुरुवार म्हणजे न्योक्की. एर्सिलियाच्या घरी दर गुरुवारी दुपारी बटाट्याचे न्योक्की, म्हणजे पिठाचे उकडलेले छोटे गोळे, असतात, तुल्लिओ ते खायला जातो, आणि हे कुणी ठरवलेलं नाही. ऐंशी ओलांडल्यावरही ती स्वतः पीठ मळते. डोळ्यांना आता लांबचं दिसत नाही, जवळचंही धुरकट दिसतं, पण हाताला दिसतं म्हणते. तो गेला तेव्हा टेबलावर पिठाच्या रांगा मांडून ती एकेका गोळ्यावर काट्याची खूण उठवत होती.

"उशीर केलास," ती म्हणाली. "आणि तोंड का असं पडलंय?"

"तुला दिसतंय कुठे माझं तोंड?"

"आवाज पडलाय. बस. चीज किसून दे."

तो चीज किसू लागला. मग किसता किसताच म्हणाला, "मी त्या पोरीला आज नाही म्हणून कळवणार आहे. सिनेमाला."

"का बरं? एवढा नाचत होतास."

"जमायचं नाही. डोकं चालेनासं झालंय. आईसारखं." आणि मग त्याने सगळं सांगून टाकलं. बुधवारची दुपार, हात, चिमटी, बटण, हे घर कुणाचं असं झालं ते, ओरेस्तेने सांगितलेलं, गोल डाग. सांगताना ते त्याला आणखीच वेड्यासारखं वाटलं. शेवटी तो हसून म्हणाला, "म्हणजे मी आत्ता बिघडलो असंही नाही, पहिल्यापासूनच बिघडलेला असणार."

एर्सिलियाचा काटा थांबला होता. ती त्याच्या आवाजाच्या दिशेने बघत होती.

"अरे, म्हणजे तू ते मुद्दाम करत नव्हतास?"

"काय मुद्दाम?"

"ते बटण. बाबांचं."

किसणी त्याच्या हातात तशीच राहिली.

"ठोंब्या," ती म्हणाली, आणि तिचा आवाज मऊ झाला. "तू अंधाराला घाबरायचास. रात्री उठलास की दाराशी उभं राहून भोकाड पसरायचास, अख्खा मजला जागा व्हायचा. बटण वर होतं, तुझा हात पोचायचा नाही. मग एका रविवारी बाबांनी ते काढलं. यार्डात वायरमनच होते ते, त्यांना काय. वायर खाली ओढली आणि बटण खाली बसवलं, तुझ्या हाताशी. ते चिनी मातीचं, फिरवायचं. वर भोक राहिलं, त्यात वर्तमानपत्र कोंबलं आणि चुना फासला. भिंत पिवळी, चुना पांढरा. हा एवढा गोल डाग. आई आठवडाभर त्यांच्याशी धड बोलली नाही. म्हणाली, पोराच्या लाडापायी भिंतीची वाट लावली. मीही रुसले. माझ्यासाठी कधी भिंत फोडली नव्हती त्यांनी."

"मग?"

"मग काय, तू दिवसभर दिवा लावायचास आणि विझवायचास. लावायचास आणि विझवायचास. बाबा खुर्चीत बसून बघायचे. आई म्हणायची, पुरे करा आता. ते म्हणायचे, करू दे गं." तिने एक गोळा उचलला, त्यावर खूण उठवली, रांगेत ठेवला. "त्यानंतर फार दिवस नाही राहिलो आपण तिथे. तो उन्हाळाच होता."

स्वयंपाकघरात पाण्याला उकळी आली होती आणि झाकण वाजत होतं. तुल्लिओने उठून गॅस बारीक केला, कारण काहीतरी करणं भाग होतं. त्याला खोली आठवली असं झालं नाही. ना भिंतीचा पिवळा रंग आठवला, ना खुर्चीतला माणूस. डोक्यात अजूनही तिथे काही नव्हतं. पण हाताला ते माहीत होतं आणि हाताने ते एवढी वर्षं जपून ठेवलं होतं. जिथे जिथे त्याला भिंत मिळाली तिथे तिथे हाताने ते पुन्हा लावून घेतलं होतं, आणि ओरेस्तेने, जिल्दाने, डेलियाने, त्या वाकून वाकून कंबर धरलेल्या नटानेसुद्धा, त्यात हातभार लावला होता. आपल्याला बापाकडून काही मिळालं नाही असं म्हणत तो हिंडला, आणि पोट भरलं ते त्याच एका रविवारवर.

"माझ्याशी याबद्दल कधी बोलली का नाहीस?" त्याने विचारलं.

"तू बोलला नाहीस म्हणून. आपल्याकडे कोण बोलायचं त्याबद्दल? पहिल्यांदा पडद्यावर दिसलं तेव्हा मी थिएटरात रडले. म्हटलं, हा बोलत नाही, हा बांधून दाखवतो. दाखवू दे. मग मी प्रत्येक सिनेमाला जायचे. पहिल्या आठवड्यात, दुपारच्या खेळाला, एकटी. नट कोण, नटी कोण, मला विचारू नकोस. मी दाराशेजारची भिंत बघायचे. बटण दिसलं, डाग दिसला, की उठून यायचे."

"उठून यायचीस?"

"मग काय अख्खा सिनेमा बघू? केवढे लांबलचक असायचे तुझे ते सिनेमे, आणि सगळे जण खिडकीतून बाहेर बघत बसलेले." ती हसली. "आईला एकदा नेलं होतं. नोटरीच्या सिनेमाला. तिने काही म्हटलं नाही. नुसता हात असा पुढे केला, खुर्चीच्या दांड्याखाली, आणि बोटं फिरवली."

तुल्लिओने डोळे मिटले. आई तेस्ताच्चोच्या या घरात भिंतीभिंतीने हिंडत होती ते त्याला दिसलं, आणि तिचा हात केवढ्या उंचीवरून चालला होता तेही आता दिसलं. तिचं डोकं गेलं होतं की नाही कोण जाणे, पण ती शोधत होती ते खोटं नव्हतं. ती त्याच्यासाठी दिवा लावायला निघाली असेल, किंवा नवऱ्याला क्षमा करायला. त्याला त्या सगळ्यांचे आभार मानावेसे वाटले, आईचे, एर्सिलियाचे, त्या किलकिल्या डोळ्यांच्या वायरमनचे, आणि कुणाचे कसे मानायचे ते कळेना. त्याने एर्सिलियाचा पिठाने माखलेला हात धरला. तिने तो थोडा वेळ धरू दिला आणि मग काढून घेतला, कारण न्योक्की टाकायचे होते.

"त्या पोरीला नाही म्हणून कळवायचं होतं ना तुला?" ती म्हणाली. "कळव. पण आधी माझं ऐक. मला आता लांबचं दिसत नाही. मागच्या सिनेमातलं मला नीट दिसलंच नव्हतं, मी अंदाजाने उठून आले. या खेपेला कॅमेरा जरा जवळ न्यायला सांग. मोठं दाखव म्हणावं. मला पुढच्या रांगेत बसवणार असशील तर मी येईन, नाहीतर माझी वाट बघू नका."

फोन स्वयंपाकघराबाहेरच्या बोळात होता. तुल्लिओ तिथे गेला. बोळात काळोख होता आणि त्याने दिवा लावला नाही. कोस्तांझाने पहिल्याच घंटीला फोन उचलला. तो हो म्हणाला. मग ती बोलतच सुटली, निर्मात्याबद्दल, तारखांबद्दल, मास्तर मला माहीतच होतं याबद्दल, आणि तो ऐकत भिंतीला टेकून उभा राहिला. त्याचा डावा हात खाली होता, भिंतीवर, आणि या वेळी त्याने तो तिथेच राहू दिला. तिचं बोलणं थांबल्यावर तो म्हणाला की घर आपण खरंखुरं बांधू, ओरेस्तेला खुर्चीसकट स्टुडिओत आणू, आणि पुढच्या दाराच्या डाव्या हाताला दिव्याचं बटण असेल, त्यावर एकदा तरी कॅमेरा अगदी जवळ न्यावा लागेल, त्याबद्दल वाद नको.

"चालेल," कोस्तांझा म्हणाली. ती लिहून घेत होती. "किती उंचीवर, मास्तर?"

"चार वर्षांच्या पोराचा हात पोचेल इतक्या," तुल्लिओ म्हणाला, आणि आतून एर्सिलियाने हाक मारून सांगितलं की न्योक्की गार होताहेत, आणि तिला त्या डागाचंही सांग.